एग्यू : एका विसरलेल्या तापाचे नाव

चार्ल्स डिकन्सच्या 'ग्रेट एक्स्पेक्टेशन्स' या कादंबरीच्या (१८६०-६१) सुरुवातीलाच एक प्रसंग आहे. केंट परगण्यातल्या दलदलीत, ऐन थंडीत, तुरुंग-जहाजातून पळालेला एक कैदी लपून बसला आहे. पिप नावाचा लहान मुलगा भल्या सकाळी त्याच्यासाठी घरातून चोरून खाणे घेऊन जातो. कैदी थडथड कापत असतो. ते पाहून पिप त्याला सांगतो, की तुम्हांला बहुधा 'एग्यू' झालाय, आणि ही दलदल त्या बाबतीत फार वाईट आहे.

आज हा शब्द वाचून इंग्रज मुलेही अडखळतात. शब्दकोशात पाहिले तर 'मलेरियाचे जुने नाव' एवढेच उत्तर बहुधा मिळते. ते चूक नाही, पण अपुरे आहे. पिपला कैद्याच्या रक्तात काय आहे हे माहीत नव्हते. त्याला दिसत होते ते कापरे. ते थंडीने भरले असेल, भुकेने असेल किंवा तापाने असेल. या शब्दाचा सगळा इतिहास त्या कापऱ्यात आहे.

लॅटिनमध्ये 'फेब्रिस आक्यूटा' म्हणजे तीक्ष्ण ज्वर. फ्रेंचमधून इंग्रजीत येताना त्यातले 'ज्वर' हे नाम गळून पडले आणि नुसते विशेषण उरले. तेच 'एग्यू'. आपण भूमितीत ज्याला लघुकोन म्हणतो, त्याच्या इंग्रजी नावातला 'अ‍ॅक्यूट' हा शब्दही त्याच लॅटिन मुळाचा आहे. विशेषणाचे असे नाम होणे आपल्याला नवे नाही. 'त्याला एकांतरा येतो' असे म्हणताना आपणही 'ताप' हा शब्द गृहीतच धरतो.

चौदाव्या शतकात इंग्रजीत हा शब्द कोणत्याही जोरदार तापासाठी वापरला जाई. १६११ साली प्रसिद्ध झालेल्या बायबलच्या इंग्रजी भाषांतरातही 'जाळणारा एग्यू' असा शब्दप्रयोग आहे, म्हणजे तिथे थंडीपेक्षा दाह महत्त्वाचा. पण त्याच सुमारास शब्दाचा अर्थ आकसत चालला होता. आधी हुडहुडी, मग ताप, मग घाम, आणि एक-दोन दिवस बरे गेल्यावर पुन्हा तेच चक्र, अशा पाळीच्या तापाला लोक 'एग्यू' म्हणू लागले. पुढे नुसत्या थरथरीलाही तोच शब्द लागू झाला. शेक्सपियरच्या 'मर्चंट ऑफ व्हेनिस'मध्ये एक मित्र म्हणतो, की जहाजांवर माझा माल असता तर गरम रस्सा फुंकतानाही समुद्रावरचे वादळ आठवून मला एग्यू भरला असता. इथे रोग नाही, भीतीचे कापरे आहे. या तापात वाढून टणक झालेल्या पानथरीला 'एग्यू केक' असे नाव होते. दलदलीच्या रोगट हवेला 'एग्यूइश' म्हणत.

पाळीच्या तापाचे पोटभेदही होते. 'टर्शियन' म्हणजे तिसऱ्या दिवशी येणारा, 'क्वार्टन' म्हणजे चौथ्या दिवशी येणारा. विद्यार्थ्यांना इथे एक प्रश्न जरूर विचारावा. टर्शियन ताप ४८ तासांनी उलटतो, म्हणजे दिवसाआड येतो. मग तो 'तिसरा' कसा? उत्तर मोजण्याच्या पद्धतीत आहे. रोमन लोक मोजताना सुरुवातीचा दिवसही धरत. सोमवारी ताप आला, मंगळवार बरा गेला, बुधवारी पुन्हा आला, की बुधवार तिसरा. आपल्या चरकसंहितेत विषमज्वराचे 'तृतीयक' आणि 'चतुर्थक' हे प्रकार आहेत, तेही याच हिशेबाने. मराठीतल्या 'एकांतरा'मध्ये मात्र मधला एक मोकळा दिवस मोजलेला आहे. ताप एकच, पण नाव देणाऱ्यांनी मोजले वेगवेगळे.

इंग्लंडमध्ये या तापाचे घर म्हणजे केंट व एसेक्सच्या किनाऱ्यावरच्या खाजणी आणि पूर्वेकडचा 'फेन्स' हा पाणथळ प्रदेश. डॅनियल डेफोने १७२४ पासून प्रसिद्ध केलेल्या प्रवासवर्णनात एसेक्सच्या दलदलीतल्या शेतकऱ्यांची गोष्ट सांगितली आहे. इथे एकेकाने चौदा-पंधरा लग्ने केल्याचे त्याने ऐकले. तिथे वाढलेल्या पुरुषांना तिथली हवा सोसत असे. उंचावरच्या कोरड्या गावांतून आणलेल्या बायका मात्र एग्यूने वर्षभरात दगावत. सांगणाऱ्याने गंमत म्हणून आकडा फुगवला असावा, असे डेफोलाही वाटले. पण गोष्टीतला दुःखाचा भाग खरा होता. या भागातल्या चर्चच्या नोंदी मेरी डॉब्सन या इतिहाससंशोधिकेने तपासल्या. तिथे जन्मांपेक्षा मृत्यू अधिक असल्याचे तिला अनेक ठिकाणी आढळले.

आता औषधाकडे वळू. सतराव्या शतकाच्या मध्याला पेरूमधून सिंकोनाची साल युरोपात आली. जेझुइट पाद्र्यांनी आणल्यामुळे प्रॉटेस्टंट इंग्लंडला तिचा संशय वाटे. रॉबर्ट टॅल्बर नावाच्या वैदूने १६७२ च्या आपल्या पुस्तकात या पुडीपासून सावध राहायला सांगितले आणि स्वतःचे गुप्त औषध विकले. त्याने इंग्लंडचा राजा दुसरा चार्ल्स याचा एग्यू बरा केला. फ्रान्सच्या चौदाव्या लुईने ते गुपित मोठी किंमत देऊन विकत घेतले, आणि टॅल्बरच्या मृत्यूनंतर १६८२ मध्ये ते छापले गेले. औषध होते वाइनमध्ये मुरवलेली सिंकोनाचीच साल!

सिंकोना महाग होती. ऑक्सफर्डशायरमधल्या एडवर्ड स्टोन या पाद्र्याने विलोची साल चाखून पाहिली, तेव्हा तिचा कडूपणा त्याला सिंकोनासारखा वाटला. विलो म्हणजे आपल्याकडच्या वाळुंजाच्या कुळातले झाड. ते पाण्याकाठी वाढते, एग्यूही पाणथळ जागी होतो, तेव्हा रोगाजवळच त्याचे औषध असणार, असे तर्कट त्याने केले. भट्टीवर तीन महिने साल वाळवून त्याने पूड केली. पाच वर्षांत सुमारे ५० रोग्यांना ती दिली, आणि १७६३ मध्ये रॉयल सोसायटीला पत्राने कळवले, की एग्यूवर ही साल गुणकारी आहे.

त्या पत्रातली एक प्रांजळ नोंद फार मोलाची आहे. काही जुनाट क्वार्टन आणि शरद ऋतूतले एग्यू विलोने कमी झाले, पण पुरते गेले नाहीत. तेव्हा स्टोनने त्या पुडीत एक पंचमांश सिंकोना मिसळली, आणि ते बरे झाले.

आज आपल्याला यामागचे कारण सांगता येते. सिंकोनातले कोयनेल मलेरियाच्या परजीवीला मारते. विलोतले सालिसिन परजीवीला हात लावत नाही, ते फक्त ताप उतरवते. स्टोनच्या रोग्यांत काहींना मलेरिया असेल, काहींना दुसरेच ताप असतील, काही आपोआप बरे झाले असतील. पण त्या सगळ्यांचे नाव एकच होते. एग्यू हे अनुभवाचे नाव होते, कारणाचे नव्हते. ताप आणि कापरे थांबले, की एग्यू बरा झाला! म्हणूनच स्टोनचा निष्कर्ष त्याच्या भाषेत बरोबर होता आणि आपल्या भाषेत चूक आहे. याच सालीतून १८२८ मध्ये सालिसिन वेगळे काढले गेले, आणि त्या वाटेने १८९७ मध्ये अ‍ॅस्पिरिनपर्यंत पोहोचता आले. एका सैल शब्दाच्या छपराखाली दोन वेगवेगळी औषधे राहत होती.

हा शब्द फोडण्याचे कामही औषधानेच सुरू केले. इटलीतल्या मोदेना इथल्या फ्रांचेस्को टोर्टी या वैद्याने १७१२ च्या ग्रंथात तापांची वेगळी विभागणी केली. सिंकोनाने जे बरे होतात ते ताप एका गटात, जे होत नाहीत ते दुसऱ्यात. १८२० मध्ये पेल्त्ये आणि कावाँतू यांनी सालीतून कोयनेल वेगळे केले. मग १८८० मध्ये अल्जीरियात लाव्हराँला रोग्याच्या रक्तात परजीवी दिसला. काही वर्षांतच गोल्जीने दाखवून दिले, की ४८ किंवा ७२ तासांची पाळी म्हणजे त्या परजीवीच्या वाढीचे चक्र. टर्शियन आणि क्वार्टन हे वेगळे परजीवी निघाले! २० ऑगस्ट १८९७ रोजी सिकंदराबादेत रोनाल्ड रॉसला डासाच्या पोटात परजीवी सापडला.

तोवर इंग्लंडमध्ये एग्यू ओसरतच आला होता. दलदली आटवून शेते झाली, डासांना माणसांऐवजी गुरे मिळू लागली, घरे सुधारली, कोयनेल स्वस्त झाले. रोगाबरोबर शब्दही गेला. पहिल्या महायुद्धात मॅसेडोनियाहून परतलेल्या सैनिकांमुळे १९१७ नंतर केंटच्या त्याच खाजणींत मलेरिया पुन्हा पसरला, गावकरीही आजारी पडले. डास तेच होते, दलदलही तीच. पण डॉक्टरांनी या वेळी नोंद केली ती 'मलेरिया' अशी.

'मलेरिया' हा शब्द मूळचा इटालियन. त्याचा अर्थ 'वाईट हवा', म्हणजे चुकीचे ठरलेले कारणच. तरीही तो टिकला, कारण शास्त्रज्ञांनी त्यात नवा, नेमका अर्थ भरला. आपला 'हिवताप' हा तर एग्यूचा सख्खा भाऊ. तोही हिवाचा अनुभव सांगतो, आणि आज सरकारी आरोग्य खात्यात मलेरियासाठी तोच शब्द रूढ आहे.

या साऱ्याचा उपयोग काय? जॉन ग्राँटने १६६२ मध्ये लंडनच्या मृत्यूंचे कोष्टक मांडले, त्यात 'एग्यू आणि ताप' असा एकच रकाना आहे. त्यातले मृत्यू मलेरियाचे समजून बेरीज केली तर उत्तर चुकेल. ब्रिटिश अमलातल्या आपल्याकडच्या मृत्यूंच्या अहवालांतही 'ताप' हा असाच एक प्रचंड रकाना असे. त्यात मलेरिया होता, विषमज्वर होता, न्युमोनिया होता, आणि ज्यांचे निदान कोणीच केले नाही अशी माणसे होती. वर्गात कधी जुनी नोंदवही, पत्र किंवा कादंबरी हाती आली, तर रोगाचे नाव वाचून थांबू नये. हे नाव देणाऱ्याने काय पाहिले होते, आणि त्याला काय दिसणे शक्यच नव्हते, हे दोन प्रश्न मुलांना विचारून पाहावेत.