कर्णबधिरातला कर्ण

नाहूर स्टेशनच्या बाकावर परवा दोन मुलं हातांनी बोलत होती. शेजारी आम्ही दोघे तोंडाने. फास्ट गाडी नाहूरला थांबत नाही. ती धडधडत गेली तेव्हा आम्ही मुकाट बसलो, मुलांच्या गप्पा मात्र चालूच. गाडी गेली आणि 'मुकाट' हा शब्द माझ्या मागे लागला. त्या बाकावर मुकं नक्की कोण होतं?

'मुका' हा संस्कृत 'मूक'वरून आला, यात वाद नसावा. लॅटिन 'मूतुस' आणि त्यातून निघालेला स्पॅनिश 'मूदो' ही त्याची दूरची भावंडं दिसतात. मुळाशी मिटल्या ओठांतून निघणारा 'मू' असावा. म्हणजे न बोलणाऱ्याचं नाव एका आवाजावरूनच पडलं! लाडाने घ्यायचा 'मुका' मात्र 'मुख'कडचा दिसतो, आणि गाडीला 'मुकणे' हे प्राकृत 'मुक्क', म्हणजे 'मुक्त', याच्याकडचं. चेहरे सारखे, घराणी तीन.

'बहिरा'ची गंमत याहून मोठी. 'बधिर' ऋग्वेदाइतका जुना. दोन स्वरांत सापडलेल्या 'ध'चा प्राकृतात 'ह' होतो. 'दधि'चं दही झालं तसाच 'बधिर'चा 'बहिर'. हिंदीतला 'बहरा' आणि गुजरातीतला 'बहेरो' त्याच वाटेने आले. पण प्रत्येक 'बहिर' बहिरा नसतो. गावोगावचा बहिरोबा हा भैरव. 'भ'मधला हकार सुटून पुढे सरकलेला दिसतो. शिवाजी महाराजांचे हेर बहिर्जी नाईक यांच्या नावातही भैरवच असावा. ज्याने सगळ्या मुलखाचं ऐकायचं, त्याला बहिरा कोण म्हणेल? आणि बहिरी ससाणा? त्याच्या मुळाशी अरबी 'बह्र', म्हणजे समुद्र. फारसी 'बहरी' होऊन तो आपल्याकडे उतरला असावा.

'बहिरा' घरात नांदत असताना मराठीने 'बधिर'ही संस्कृतातून पुन्हा उचलून आणला. मग दोघांनी कामं वाटून घेतली. दाढ काढताना डॉक्टर हिरडी बधिर करतात, बहिरी करत नाहीत. थंडीने बोटं बधिर होतात, धक्क्याने मन. 'कर्णबधिर' हा शब्द संस्कृत पंडिताला 'डोळ्यांनी आंधळा' यासारखा द्विरुक्त वाटेल. मराठीला मात्र तो 'कर्ण' लागतोच. नाहीतर काय बधिर झालं, हे कळायचं कसं?

खरी अडचण आहे 'मूकबधिर' या जोडशब्दात. ऐकू आलं नाही म्हणून बोलणं कानावर पडलं नाही, म्हणून तोंडचं बोलणं आलं नाही. गळ्यात दोष नाही. मूकपणा असलाच तर तो परिणाम. पण समासात तो पुढे येऊन बसला, जणू तेच मुख्य दुखणं.

हे कोडं स्पेनमध्ये आधी सुटू लागलं. सोळाव्या शतकात पेद्रो पोन्से दे लेओन या मठवासी साधूने सरदारघराण्यातल्या बहिऱ्या मुलांना बोलायला शिकवलं. 1620 मध्ये हुआन पाब्लो बोनेत याने माद्रिदला पुस्तक छापलं. त्यात एका हाताच्या बोटांनी दाखवायची मुळाक्षरं आहेत. (आपल्याकडची सांकेतिक मुळाक्षरं बहुतांशी दोन हातांची.) अक्षराचं नाव आणि अक्षराचा ध्वनी यांची गल्लत करू नका, हे बोनेतचं सांगणं. स्पॅनिशमध्ये 'ल'चं नाव 'एले'. ते घोकून 'ल' उच्चारता कसा येईल? 'क'ला 'क'च म्हणणाऱ्या आपल्याला हे चटकन पटतं. पुढे 1795 मध्ये लोरेन्सो एर्वास इ पांदुरो या भाषापंडिताने बहिऱ्यांना स्पॅनिश लिहायला-बोलायला शिकवण्यावर ग्रंथ लिहिला.

आता नावं पाहा. बोनेतच्या मथळ्यात 'मूदोस', म्हणजे नुसते मुके. एर्वासच्या मथळ्यात 'सोर्दोमूदोस': बहिरे-मुके. आणि 2007 च्या स्पॅनिश कायद्यात 'सोर्दास', नुसत्या बहिऱ्या व्यक्ती. 'मुका' आधी एकटा होता, मग त्याला जोडीदार मिळाला, शेवटी तोच गळाला.

मुंबईतही हेच घडलेलं दिसतं. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस इथे निघालेल्या शाळेचं नाव होतं 'बॉम्बे इन्स्टिट्यूशन फॉर डेफ अँड म्यूट्स'. 1983 मध्ये वांद्र्याला अली यावर जंग यांच्या नावाची राष्ट्रीय संस्था उभी राहिली, तेव्हा नावात फक्त 'हिअरिंग' उरलं होतं. मराठीत 'कर्णबधिर' रुजला तो याच वाटेवर असावा.

जाता जाता अमरकोश उघडला. तिथे 'एडमूक' भेटतो. ('येडा' याच्यावरून आला, असं म्हणायचा मोह होतो, पण तो 'वेडा'चाच बोलीतला अवतार.) बोलणं आणि ऐकणं या दोहोंत जो 'अशिक्षित', तो एडमूक, असं अमरसिंह सांगतो. 'अशिक्षित'चा अर्थ 'असमर्थ' असा ओढता येईल. मला तो शब्दशः घ्यावासा वाटतो: न शिकवलेला. तसं असेल तर उणीव शिकवणाऱ्याची ठरते.

तेव्हा एखाद्या पाटीवर 'मूकबधिर' दिसला, तर पहिली दोन अक्षरं गाळून वाचा. नाहूरच्या बाकावरची ती मुलं, गाडी येईपर्यंत, एकदाही गप्प बसली नव्हती.