पोळ्याची माती

पाय आत ओढून घ्या. शेजारच्या मावशींच्या पिशवीतून कोंबडीची मान बाहेर आली आहे आणि तिला तुमचा अंगठा दाणा वाटतोय. बीडहून सुटलेल्या लाल एसटीत तिघांच्या बाकावर तुम्ही चौथे आहात. या शतकाचं पहिलं दशक संपत आलंय. उद्या पोळा, त्यामुळे गाडीत माणसांपेक्षा बैलांचं सामान जास्त: गोंडे, घुंगरमाळा, रंगीत कासरे, शिंगांना लावायचा हिंगूळ. पावसानं उघडीप दिली आहे, उकाड्यानं सदरा पाठीला चिकटलाय. डिझेल, ओली पोती आणि कोथिंबीर यांचा मिळून एकच वास नाकात बसलाय. तिकिटाचा पंच टिकटिक वाजवत कंडक्टर एवढ्या गर्दीतून वाट कशी काढतो, ते त्यालाच ठाऊक.

खजाना विहीर मागं पडते. मावशी विचारतात, "कुठं उतरणार?"

तुम्ही सांगता, पालीला. इन्फंट इंडियात.

कोंबडीच्या पाठीवरून फिरणारा त्यांचा हात थांबतो. "त्या एडसच्या लेकरांकडं व्हय?" मावशी चुकचुकतात, डोळ्यांत खरंखुरं पाणी येतं, आणि त्याच वेळी पदर आवरून त्या चार बोटं पलीकडे सरकतात. हे नीट पाहून ठेवा. जीव तुटणं आणि अंग चोरणं, दोन्ही एकाच बाईनं एकाच क्षणी केलं. या दिवसांत गावोगाव हेच चाललंय.

पाली आली. उतरा, सोलापूरकडे निघालेल्या ट्रकांचा धुरळा अंगावर घ्या, आणि बिंदुसरा तलावावरून येणारा वारा पहिल्यांदा तोंडावर लागला की थोडं थांबून घाम पुसा. पुढे घाम पुसायला हात मोकळा राहणार नाही. कारण पोरांनी तुम्हाला पाहिलंय.

आधी कालवा ऐकू येतो, मग धावणारी पावलं. तुमची बोटं दहा आणि ती धरायला आलेली पोरं त्याहून जास्त. ज्याला बोट मिळालं नाही त्यानं सदऱ्याचं टोक पकडलंय. डोक्याला चोपडलेलं खोबरेल, फिनेलनं पुसलेली फरशी, आतून येणारा लसणाच्या फोडणीचा वास. आणि तुमच्या मनात काय चाललंय तेही मला कळतंय. सकाळी दाढी करताना कुठं कापलं होतं का? तळहातावर ओरखडा आहे का? स्पर्शानं, एका ताटात जेवल्यानं, खोकल्यानं एचआयव्हीचा विषाणू पसरत नाही हे तुम्ही दहादा वाचलंय. वाचलेलं डोक्यात असतं, भीती मनगटात बसते. पण हात मागे घेऊ नका. इथल्या पोरांना मागे घेतलेला हात ताबडतोब ओळखू येतो.

तो त्यांनी पुष्कळदा पाहिलाय. या काळात घरोघरी काय घडतंय ते आठवा. आधी बाप जातो, मग आई, आणि मागे राहिलेल्या लेकराला चुलत्याच्या घरी वेगळं ताट, वेगळी वाकळ, झोपायला गोठा. ऊसतोडीच्या हंगामात फडावर कोयता धरणाऱ्या हातांनाही आजारी पोर कुणाकडे ठेवावं हा प्रश्न असतो. अशा मुलांना घर द्यायचं दत्ता आणि संध्या बारगजे या जोडप्यानं ठरवलं. दत्ता बारगजे गडचिरोलीत भामरागडला सरकारी नोकरीत प्रयोगशाळा तंत्रज्ञ होते, हेमलकशात प्रकाश आमटे यांचं काम त्यांनी जवळून पाहिलं होतं. नोकरी सुटली आणि पालीत हे घर उभं राहिलं. मला या कामातली सगळ्यात मोठी गोष्ट अगदी साधी वाटते. इथं रोज कुणीतरी या पोरांना न्हाऊ घालतं, केस विंचरतं, ताप आला की कपाळावर हात ठेवतं.

चला, बसा आता. पडवीत काळ्या मातीचा ढीग पडलाय. पोळ्याला प्रत्येकाला आपापला बैल करायचाय आणि तुम्हालाही सुटका नाही. बाह्या वर सरकवा. माती आधी खडे वेचून मोकळी करायची, मग पाणी शिंपडत मळायची. भसकन पाणी ओतलंत तर चिखल होईल आणि पोरं हसतील. पहिल्यांदा ती गार लागते, मग तळव्याच्या उबेनं मऊ होते, नखांत जाते, मनगटावर वाळून कातडी ओढते. शेजारी दहाएक वर्षांची एक पोरगी न बोलता बैलाची मान घडवते आहे. चिमटीनं कान, अंगठ्यानं वशिंड, शिंगांना ज्वारीच्या धाटाचे तुकडे, डोळ्यांच्या जागी दाणे. तिची बोटं कुठे दाबायचं आणि कुठे सोडून द्यायचं हे बरोबर जाणतात.

हाताची माती तशीच राहू द्या, शिवण्याच्या याच भीतीमागे एक लांब उडी मारायची आहे.

हे अमेरिकेतलं एक कलादालन, 1991 साल. गारठा आहे, शांतता आहे, कोपऱ्यात चकचकीत रंगीत कागदांत गुंडाळलेल्या चॉकलेट-गोळ्यांचा भलामोठा ढीग आहे. फेलिक्स गोन्झालेझ-टोरेस या क्यूबात जन्मलेल्या कलावंताचं हे शिल्प. त्याचा जोडीदार रॉस याच वर्षी एड्सनं गेला. ढिगाचं ठरवलेलं वजन 175 पौंड, म्हणजे ऐंशी किलोला जरासं कमी, एका धडधाकट माणसाएवढं. राखणदार तुम्हाला अडवत नाही. एक घ्या, तोंडात टाका. येणारा प्रत्येकजण एकेक नेतो, ढीग झिजत जातो, कलादालन तो पुन्हा भरू शकतं. ज्या शरीराला शिवायला नर्ससुद्धा घाबरत होत्या, ते शरीर त्यानं असं लोकांच्या हाती आणि जिभेवर ठेवलं. ग्रुप मटेरियल या कलावंतांच्या गटाबरोबर 1989 मध्ये त्यानं एड्सचा आणि सरकारी दिरंगाईचा घटनाक्रम मांडणारं प्रदर्शन केलं. 1992 मध्ये न्यूयॉर्कच्या रस्त्यांवर चोवीस ठिकाणी मोठमोठ्या फलकांवर एक रिकामा पलंग झळकला, उशांवर दोन डोक्यांचे खळगे तसेच. वर एक अक्षरही नाही. 1996 च्या जानेवारीत तोही गेला, आणि तीन औषधं एकत्र देऊन हा आजार रोखण्याची पद्धत त्याच वर्षी श्रीमंत देशांत पोहोचू लागली. काही महिन्यांचा फरक. मला हे अजूनही पचत नाही.

परत या, लवकर, माती वाळतेय.

"आई गं!" धाट तासताना पलीकडच्या पोराच्या बोटाला पातं लागलंय. लाल थेंब मातीवर पडतो. तुम्ही पुढे झेपावता, पण तो झटकन हात पाठीमागे लपवतो. "काका, तुम्ही नका. तुम्ही नका हात लावू. ताई!" ताई येते, हातमोजे घालून बोट धुते, पट्टी बांधते, त्याच्या गालावर हलकी चापटी मारून जाते. त्याला रडू आलेलं नाही. नऊ वर्षांच्या पोरानं स्वतःच्या दुखण्याआधी तुमची काळजी केली. आता तुम्ही त्याच्याशी काय बोलणार? काही बोलू नका, त्याच्या बैलाची शेपूट तेवढी लावून द्या.

दिवस कलतो आणि वीज जाते. भारनियमन. कुणाला आश्चर्य वाटत नाही. कंदील येतात, त्यांच्या काचेभोवती पावसाळी किडे फिरू लागतात. पंगत बसते. भाकरी, पिठलं, कांदा. शेजारचा चिमुरडा आपल्या ताटातला घास मोडून तुमच्या तोंडाशी धरतो. पिठलं गरम आहे, त्याची बोटं चिकट आहेत. खा. तो तुमच्या जबड्याकडे बघतोय.

आणि मग आठ वाजतात. सकाळी आठ, रात्री आठ, चुकवायचं नाही. चुकलं की विषाणू औषधाला दाद देईनासा होतो, हे इथं पाढ्यांसारखं पाठ आहे. सरकारनं मोफत औषधं 2004 पासून द्यायला सुरुवात केली, आणि मुलांसाठी वेगळ्या मात्रेची 2006 च्या अखेरीपासून. त्याआधी मोठ्यांची गोळी मोडून अंदाजानं अर्धी-पाव द्यावी लागे. आपल्या मुंबईच्या सिप्ला या औषध कंपनीनं 2001 मध्ये तीन औषधांचा दिवसाचा खर्च एका डॉलरच्या खाली आणला नसता तर या पंगतीत किती पाट रिकामे असते? कंदिलाच्या उजेडात पेले खणखणतात, कडू चवीनं तोंडं वाकडी होतात, जीभ बाहेर काढून गिळल्याचा पुरावा दिला जातो. दोन मोठी पोरं परीक्षेच्या मार्कांसारखी बढाई मारताहेत, "माझा सीडी फोर सहाशे झाला, तुझा?" रक्तातल्या लढाऊ पेशींचा हा आकडा वाढला की इथं सगळ्यांना आनंद होतो. याच घरात वाढलेल्यांपैकी काही पुढे संसाराला लागतील. पण ते इतक्यात सांगू नका, आज त्यांना फक्त बैलांची फिकीर आहे.

पडवीच्या कडेला बैलांची रांग लागली आहे. कुणाचा खोंड, कुणाचा थोराड, एकाला तर पाचवा पाय फुटलाय. आता पोरं तुमच्या बैलापाशी येऊन थांबली आहेत. एकानं कंदील वर धरलाय.

"काका, ह्याचं वशिंड कुठंय?"

"ही म्हैस हाय!"

"सकाळी ओवाळायचं कसं हिला? मोडा, मोडा. परत करा."

मघाची ती न बोलणारी पोरगी मातीचा ताजा गोळा आणून तुमच्या हातावर थापते, तुमचा अंगठा धरते आणि कुठे दाबायचं ते दाखवते.