काळा दगड आणि अदृश्य वायू

वाचकहो, देहूतल्या एखाद्या जुन्या दगडी भिंतीला हात लावून पाहा. हा आपला काळा पाषाण म्हणजे सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी थिजलेला लाव्हारस. त्यात युरेनियम फार थोडे. म्हणून युरेनियमपासून निपजणारा रेडॉन वायूही थोडाच. त्याला ना रंग, ना वास!

परदेशी मात्र या वायूने पुष्कळ बळी घेतले. जर्मनीत श्नेबेर्गच्या खाणीतले कामगार पिढ्यान्‌पिढ्या छातीच्या रोगाने दगावत. तो रोग म्हणजे फुफ्फुसातली गाठ, हे हार्टिंग आणि हेस्से या डॉक्टरांनी १८७९ साली दाखविले. रेडॉनचा शोध लागला १९०० च्या सुमारास. खाणकऱ्यांचा वैरी तोच, हे कळावयास आणखी कित्येक वर्षे गेली. पुढे १९८४ साली अमेरिकेत, पेनसिल्व्हानियातील एका राहत्या घरात, खाणीलाही लाजवील इतका रेडॉन सापडला!

मग आपण निर्धास्त राहावे काय? नाही बरे. हा वायू जमिनीतूनही येतो आणि कोंदट खोलीत साठतो. विडी ओढणाऱ्यास तर त्याचा धोका कितीतरी अधिक. तेव्हा जमिनीच्या भेगा बुजवा, खिडकी उघडी ठेवा. चुलीचा धूर जातो त्याच वाटेने हाही जाईल. गुरुजी, एवढे मुलांना अवश्य सांगा. त्या खाणकऱ्यांना सांगणारे कोणी नव्हते. आपल्याला कळले आहे. आता वळले पाहिजे.