घटस्फोटाचा अर्ज वर्ग करण्याच्या तरतुदी : एक ऐतिहासिक दृष्टिक्षेप

1955 च्या हिंदू विवाह कायद्यानुसार पतीस दांपत्याच्या अखेरच्या एकत्रित निवासाच्या ठिकाणी घटस्फोटाचा अर्ज करता येत असे. परिणामी माहेरी परतलेल्या पत्नीस प्रत्येक तारखेला सासरच्या गावी जावे लागे. 1976 च्या दुरुस्तीने कलम 21-अ आले. उभयतांनी भिन्न न्यायालयांत अर्ज केल्यास नंतरचा अर्ज पहिल्या न्यायालयाकडे वर्ग होऊ लागला. परस्परविरोधी निकाल टळले, हे खरे. परंतु आधी न्यायालय गाठणाऱ्याचेच ठिकाण दोघांवर बंधनकारक ठरले. घाई करणाऱ्यास मिळालेले हे झुकते माप न्याय्य म्हणता येणार नाही.

1981 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ही कोंडी फोडली. कलम 21-अ मुळे दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 25 खालील आपला अधिकार संपुष्टात येत नाही, असा निर्णय त्याने दिला. एका राज्यातील अर्ज दुसऱ्या राज्यात वर्ग करण्याचा मार्ग त्यामुळे खुला राहिला आणि पुढे अशा प्रकरणांत पत्नीच्या सोयीस महत्त्व येत गेले. (राज्यांतर्गत प्रकरणांत उच्च न्यायालय कलम 24 चा आधार घेते.) 2003 मध्ये पत्नीस स्वतःच्या निवासस्थानी अर्ज करण्याची मुभा मिळाली, मात्र पतीने आधीच अन्यत्र अर्ज केला असल्यास कलम 21-अ आजही तिच्या आड येते.