रिळं नाहीत, तरी चला

27 एप्रिल 1957, शनिवार. तुम्ही सिंगापूरच्या धोबी घाटावर उभे आहात. नाव ऐकून चमकू नका, इथे एके काळी खरोखरच हिंदुस्थानी धोबी कपडे धूत. समोर कॅथे बिल्डिंगचं थिएटर. सदरा पाठीला चिकटलाय आणि रांग संपता संपत नाही. रांगेत मलय आहेत, चिनी आहेत, तमिळ आहेत. मलय भाषा सगळ्यांना येते असं नाही, पण भुताची भीती वाटायला भाषा कशाला लागते? सिनेमाचं नाव ‘पोन्तियानाक’. बाळंतपणात मेलेल्या बाईचं भूत. शेजारी कोकणातला कुणी असता, तर म्हणाला असता, ‘म्हणजे आपली अळवंतीणच की!’

आत गारवा आहे. बसा, आणि पापणी मिटू नका. हा सिनेमा पुढे हरवणार आहे, तो असा तिकीट काढून पाहण्याची संधी फक्त याच काळात आहे.

पडद्यावर चोमेल येते. पाठीला कुबड, चेहरा बघवत नाही. मेकअपच्या त्या थरांखाली मारिया मेनाडो आहे, हे आधी खरं वाटत नाही. उत्तर सुलावेसीतल्या मेनाडोकडची ही मुलगी, तिकडचंच नाव लावून सिंगापुरात आली. 1951 साली ‘पेंगहिदुपान’ सिनेमात नट पी. रामलीबरोबर दिसली, आणि तेव्हापासून लोक तिचं रूप आणि तिचा केबाया, म्हणजे मलय पोशाख, पाहायला थिएटरात येतात. अशा नटीला कुबड लावून उभं करायचं, म्हणजे निर्मात्याने आपलं भांडवल स्वतःच्या हाताने झाकून ठेवायचं! मला या सिनेमातलं सगळ्यात मोठं धाडस हेच वाटतं, भूत त्यानंतर.

कथा तिच्या तेव्हाच्या नवऱ्याची, अब्दुल रझाकची. दिग्दर्शक मलबारचे बी. एन. राव. त्यात नवल नाही. इथल्या स्टुडिओंत हिंदुस्थानी दिग्दर्शक आधीपासून आहेत, 1930च्या दशकातला मलय ‘लैला मजनून’सुद्धा बी. एस. राजहंसांचाच. आणि हा सिनेमा काढणाऱ्या कॅथे-केरिस स्टुडिओचे एक मालक लोक वान थो म्हणजे आपल्या सलीम अलींचे दोस्त. युद्धकाळात हिंदुस्थानात आले आणि पक्ष्यांमागे त्यांच्याबरोबर हिंडले.

असो, पडद्याकडे बघा. चोमेलला वाढवणारा म्हातारा मरताना आपलं जादूटोण्याचं सगळं सामान जाळून टाक म्हणतो. ती जाळण्याआधी वाचते, आणि रूपवान होते. आता थिएटरात शिट्ट्या, कारण आता खरी मारिया समोर आली. अट एकच: रक्ताची चव घ्यायची नाही, नाहीतर पोन्तियानाक व्हायचं. लग्न होतं, मूल होतं. मग नवऱ्याला साप चावतो, आणि विष चोखून काढ म्हणून तो तिलाच विनवतो.

तुमच्या पुढच्या रांगेतली बाई डोळ्यांवर हात धरते आणि बोटांच्या फटीतून बघते. इथे फक्त भीती नाही, म्हणून हा प्रसंग जमलाय. ती लोभापायी रक्त चाखत नाही, नवरा वाचावा म्हणून चाखते. कुणी तिला दोष द्यायचा?

सिनेमा जवळजवळ तीन महिने चालतो. कँटोनीजमध्ये डब होऊन हाँगकाँगला जातो. त्याच वर्षी दुसरा भाग ‘देंदाम पोन्तियानाक’, पुढच्या वर्षी तिसरा, ‘सुम्पाह पोन्तियानाक’. मारिया मग स्वतःची निर्मितीसंस्था काढते. कॅमेऱ्यापुढे काय चालणार हे बाईने ठरवावं, ही त्या धंद्यात नवी गोष्ट. पण 1963 साली ती पहांगच्या सुलतानांशी लग्न करते आणि सिनेमा सोडते. अकरा-बारा वर्षांत कारकीर्द आटोपली.

पहिल्या दोन भागांच्या प्रती आज नाहीत. कॅथे-केरिसचे दुसरे मालक हो आ लोक यांनीच त्या फेकून दिल्या, असं सांगतात. तिसरा भाग तेवढा उरलाय, तो जरूर बघा. पण तिथे चोमेल आधीच पोन्तियानाक झालेली आहे. नवऱ्याच्या जखमेवर ओठ टेकवायच्या आधी ती किती वेळ थांबली होती, हे त्या भागात कुठून कळणार?