ग्लेन रॉय

ग्लेन रॉय : स्कॉटलंडच्या हायलँड प्रदेशातील एक डोंगरी दरी. हिमयुगाच्या अखेरीस येथे साचलेल्या सरोवराच्या काठखुणांसाठी ती प्रसिद्ध आहे. ‘ग्लेन’ म्हणजे गेलिक भाषेत अरुंद दरी. ही दरी फोर्ट विल्यम शहराच्या ईशान्येस आहे. तिच्यातून वाहणारी रॉय नदी रॉयब्रिज गावाजवळ स्पीन नदीस मिळते.

दरीच्या दोन्ही उतारांवर समुद्रसपाटीपासून सुमारे २६०, ३२५ व ३५० मी. उंचीवर तीन आडव्या, अरुंद पायऱ्या कोरलेल्या दिसतात. त्यांना ‘समांतर रस्ते’ म्हणतात. फिंगल या पौराणिक वीराने ते शिकारीसाठी बांधले, अशी लोककथा आहे. प्रत्यक्षात या पायऱ्या म्हणजे सरोवराचे जुने काठ होत.

सुमारे १२,९०० ते ११,७०० वर्षांपूर्वी हवामान पुन्हा अतिथंड झाले आणि पश्चिम व दक्षिणेकडील डोंगरांतून उतरलेल्या हिमनद्यांनी स्पीन व रॉय दऱ्यांचे मुख अडवले. बर्फाच्या या बांधामागे पाणी तुंबले. जी खिंड मोकळ्या खिंडींत सर्वांत सखल, तीच धरणाच्या सांडव्यासारखी पाण्याची पातळी ठरवी. सुरुवातीस २६० मी. पातळीचे सरोवर दोन्ही दऱ्यांत पसरले होते. बर्फ पुढे सरकून सखल खिंडींची वाट बंद होत गेली, तशी रॉय दरीतील पातळी ३२५ व पुढे ३५० मीटरांवर चढली. बर्फ मागे हटताना ती त्याच टप्प्यांनी उतरली. प्रत्येक टप्प्यावर लाटांनी आणि गोठणाऱ्या पाण्याने काठचा खडक झिजून पायरी तयार झाली. वरच्या दोन पातळ्यांच्या काळात स्पीन दरी बर्फाखाली होती, म्हणून तेथे फक्त २६० मीटरांची पायरी आढळते.

चार्ल्स डार्विन याने १८३८ मध्ये येथे पाहणी केली व १८३९ च्या निबंधात या पायऱ्या जुने समुद्रकिनारे असल्याचे मांडले. स्विस शास्त्रज्ञ लुई आगासी याने १८४० मधील भेटीनंतर त्या हिमनदीने अडवलेल्या सरोवराच्या असल्याचे सांगितले. टॉमस जेमिसन याने १८६३ मध्ये पायऱ्यांचा खिंडींच्या उंचीशी मेळ दाखवून हे मत पक्के केले. डार्विनने पुढे आपली चूक मान्य केली.