दिनविशेष : २० जून – लक्ष्मणराव किर्लोस्कर यांचा जन्म (१८६९)

बेळगाव जिल्ह्यातील गुर्लहोसूर येथे जन्मलेल्या लक्ष्मणराव किर्लोस्कर यांचे मन बालपणी शालेय अभ्यासापेक्षा चित्रकलेत आणि यंत्रांच्या रचनेत अधिक रमत असे, व त्याच ओढीने ते मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत दाखल झाले. तथापि अंशतः रंगांधत्व, म्हणजे काही रंगांतील भेद न ओळखता येणे, हा दोष आढळल्याने त्यांनी रंगकाम सोडून यंत्ररेखन, म्हणजे यंत्रभागांचे मापबद्ध आरेखन, आत्मसात केले. हे वळण शेतीला विलक्षण फलदायी ठरले. त्यांच्या कडबाकापणी यंत्राचे आणि लोखंडी नांगराचे मोल मंगळवेढ्यासारख्या काळ्या जमिनीच्या, ज्वारीच्या मुलखाने विशेष जाणावे असे आहे. १९१० मध्ये त्यांनी आपल्या कारखान्यासाठी किर्लोस्करवाडी ही औद्योगिक वसाहत वसवली.